मध्यंतर कुठे झालं?

गिरगावातली ती चोरी आठवली की आधी मला लालबागची आमची चाळ आठवते. गिरणी बंद पडल्यावर वडील मसाला कुटायच्या डंकावर हमाली करू लागले. पिक्चरचं तिकीट परवडत नसे. चाळीतले एक काका पिक्चर बघून यायचे आणि आम्हा पोरांना गॅलरीत बसवून गोष्ट सांगायचे. थिएटरात जिथे मध्यंतर झालं, तिथेच थांबायचे. उरलेली गोष्ट दुसऱ्या दिवशी. त्याच चाळीतून मी घरातला पहिला पदवीधर झालो, पुढे फौजदार.

ही केस माझ्या नोकरीच्या अखेरीची. नावं घेत नाही. वाडीत एकट्या राहणाऱ्या आजींच्या कपाटातून नातीच्या लग्नाचे दागिने गेले. आजी एका शनिवारी संध्याकाळी लेकीकडे गेल्या होत्या, तेवढंच घर बंद होतं. पण कपाट उघडलं दोन महिन्यांनी, लग्नाच्या तयारीत. कुलूप शाबूत. चाव्या दोघांकडे: घरकामाच्या बाई आणि आजींचा पुतण्या. फिर्यादीत संशय बाईंवर. वाडीतली त्यांची सगळी कामं सुटली. जबाब देताना त्या म्हणाल्या, “साहेब, माझ्या पोरीला शाळेत चोराची पोर म्हणतात.”

मग वाडीच्या तोंडाशी बसणाऱ्या इस्त्रीवाल्याने आमच्या हवालदाराला सांगितलं, की त्या संध्याकाळी पुतण्याची बाइक आत उभी होती. पुतण्याला बोलावलं. शिकलेला, बोलण्यात चलाख. बाइक वाडीत लावून दादरला रहस्यपट बघायला गेलो, म्हणाला. तिकिटाचा मेसेज दाखवला. फोन थिएटरात बंद होता म्हणे. तिथलं फुटेज तोवर पुसलं गेलं होतं.

मी चहा मागवला आणि त्याला पिक्चरची गोष्ट सांगायला लावली. एक धागा न सोडता सांगितली. तो पिक्चर मी बायकोबरोबर थिएटरातच पाहिला होता, पण त्याच्या गोष्टीतला दीपगृहाचा म्हातारा रखवालदार मला आठवेना. डुलकी लागली असेल म्हटलं. मग लालबागच्या सवयीने विचारलं, “मध्यंतर कुठे झालं रे?”

त्याने चहाचा घोट घेतला. “म्हातारा दार उघडतो ना साहेब, तिथेच.”

बाहेर जाऊन बायकोला फोन लावला. ती म्हणाली, “मध्यंतर विहिरीपाशी झालं. तुम्हीच तर समोसे आणायला उठलात. ओटीटीवर घरी बघायला जो लांबवलेला पिक्चर आत्ता आलाय ना, त्यात तो म्हातारा नवीन घातलाय.” थिएटरच्या मॅनेजरनेही तेच सांगितलं.

आत येऊन मी म्हणालो, “तो म्हातारा थिएटरात आलाच नव्हता. आणि तूही.”

त्याने चहाचा कप खाली ठेवला. मग बोलता झाला.

कोर्टात मध्यंतर चालत नाही, मुद्देमाल लागतो. रे रोडच्या एका लाकडाच्या वखारीतून त्याने स्वतः दागिन्यांचा डबा काढून दिला. पंचांसमोर पंचनामा झाला.

या केसने मला एक शिकवलं. पिक्चर खरोखर पाहिलेला माणूस गोष्ट अर्धी विसरतो, पण समोसा कधी खाल्ला ते विसरत नाही. पाठ करून आलेल्याचं नेमकं उलट असतं.

कोर्टाच्या आदेशाने दागिने लग्नाआधी परत मिळाले. आजींनी अख्ख्या वाडीसमोर बाईंची माफी मागितली. लग्नात नातीच्या गळ्यात त्यातला सोन्याचा हार बाईंनीच घातला, आणि शेजारी त्यांची मुलगी नवीन फ्रॉक घालून उभी होती. बाईंची वाडीतली सगळी कामं परत सुरू झाली.