कडुलिंब कडूच लागला
पाडव्याला कडुलिंबाचा पाला चावला की मला ती भातकापणी आठवते. बांधावर आईच्या पायाला फुरसं चावलं. शेजारणीनं तिला पाला चावायला दिला. गोड लागला तर विष चढलं, असा आमच्याकडचा समज. "कडू हाय," आई म्हणाली, तशी सगळी निर्धास्त झाली. दुपारी पेज पिताना ती कशाला तरी हसली आणि बाबांना तिच्या हिरड्यांवर रक्त दिसलं. फुरसं चावलेला आमचा बैल असाच तोंडातून रक्त येऊन गेला होता. "गाडी जुंपा, पनवेलला न्यायची हाय!" बाबा ओरडले. दवाखान्यात इंजेक्शन मिळालं, आई वाचली. पुढे जन्मभर ती हसली की बाबा तिच्या हिरड्या बघायचे. ती लाजून तोंडावर पदर घ्यायची, ते हळूच पदर बाजूला करायचे. आज "कडू, कडू" करत नात हसली, आणि माझी नजर आधी तिच्या हिरड्यांवर गेली.