लांडगा जरा हळू

माझ्या वडलांचा, आण्णांचा, उजवा हात थरथर कापायला लागला तेव्हा ते साठीच्या पुढं गेले होते. सैन्यातून हवालदार म्हणून निवृत्त झाल्यावर त्यांनी वडूजजवळच्या आमच्या रानात ज्वारी आणि मटकी केली, पण अंगदुखीचंसुद्धा कधी कुणाला सांगितलं नाही. चहा बशीत सांडायला लागला तेव्हा ते कप दोन्ही हातांनी धरू लागले. एका सुट्टीत मी घरी गेले तेव्हा ते पाहिलं आणि आईला आणि त्यांना सांगलीला घेऊन आले.

मी कुपवाडला एका छोट्या कारखान्यात काम करते. आम्ही पंपांचे सुटे भाग बनवतो. लेथ मशीन संगणकावर चालतं आणि त्याचे प्रोग्राम लिहिणं हे माझं काम. सांगलीत माझ्या दोन खोल्या आहेत. डॉक्टरांनी कंपवात असल्याचं सांगितलं, गोळ्या दिल्या आणि त्यांचं प्रमाण बसेपर्यंत चार-सहा महिने इथंच राहा म्हणाले. जाताजाता त्यांनी आण्णांना सांगितलं, "बोटं चालती ठेवा."

बोटांचं काय करायचं ते आण्णांना कळेना. सकाळी नदीकडं फिरून यायचे, पेपर दोनदा वाचायचे, मग खिडकीशी बसायचे. एका रविवारी दुपारी मी लॅपटॉपवर खेळत होते तेव्हा ते मागं येऊन उभे राहिले.

"हे काय हाय?"

"खेळ हाय, आण्णा. एक माणूस बर्फाच्या जंगलात एकटा अडकलाय. त्याला थंडीनं, भुकेनं मरू द्यायचं न्हाई."

थोडा वेळ बघून ते म्हणाले, "त्या खोलगट जागंत तळ टाकू नगंस. गार हवा खाली साठती. जरा वर चढ."

त्या खड्ड्यात माझा माणूस आधी तीनदा गारठून मेला होता. मी चढावर जाऊन शेकोटी पेटवली आणि पडद्यावरचा थंडीचा आकडा उतरला. आण्णांना त्याचं काही विशेष वाटलं नाही. त्यांनी खुर्ची ओढून घेतली.

आठवड्याभरात ते स्वतः खेळू लागले. डावा हात कळफलकावर, उजवा माउसवर. गोठलेल्या तळ्याच्या काठी त्यांनी तळ उभा केला. लाकडं रांगेत रचली, मासे वाळत घातले, वाट चुकू नये म्हणून दगडांच्या खुणा केल्या. आई शेजारी मेथी निवडत बसायची आणि मधूनच म्हणायची, "त्या माणसाला आदी गरम कायतरी खायाला घाला." मी कामावरून आले की दोघं मला दिवसभराचं सांगायची. इतकं बोलणं आमच्या घरात आधी नव्हतं.

अडचण होती ती लांडग्यांची. या खेळात लांडगा धावून आला की दोन सेकंदांत धनुष्य रोखून बाण मारावा लागतो. आण्णांना लांडगा लांबून दिसायचा, वारा कुठला आहे तेही कळायचं, पण बाण सोडायच्या वेळी हात थरथरायचा आणि नेम सुटायचा. मेलेला माणूस जिवंत होऊन जंगलाच्या दुसऱ्या टोकाला रिकाम्या हातानं उभा राहतो. तिथून तळापर्यंत पुन्हा चालत यायचं, आणि वाटेत परत लांडगा. आण्णा चिडायचे नाहीत. उजवा हात माउसवरून उचलायचे, मांडीवर ठेवायचे आणि डाव्या हातानं दाबून धरायचे. मला ते बघवत नव्हतं.

अशा खेळांत बनवणाऱ्यांनीच ठेवलेल्या काही छुप्या आज्ञा असतात. त्यांना चीट म्हणतात. एका सकाळी कामावर जाण्याआधी मी त्यातली एक आज्ञा टाकली. तिच्यामुळं आण्णांच्या माणसाला कशानंच इजा होणार नव्हती. मी कुणाला काही बोलले नाही.

पुढचे दहा दिवस आण्णा खुशीत होते. आटपाडीला त्यांचे पलटणीतले एक जुने मित्र राहतात. त्यांना फोनवर ते सांगत होते, "आज तीन लांडगी परतवली, गड्या. हात जरा बसाय लागलाय बग." मी तेव्हा स्वयंपाकघरात ताटं विसळत होते. तो हात बसलेला नाही हे या घरात फक्त मला माहीत होतं. तेव्हाच जाऊन सांगायला हवं होतं. मी नळ मोठा केला.

शनिवारी संध्याकाळी कामावरून आले तर आण्णा लॅपटॉपसमोर हात मांडीवर घेऊन बसले होते.

"मी कड्यावरनं पडलो," ते म्हणाले. "खाली दगडं हायती. पर उटलो आन् चालाय लागलो."

मी पिशवी खाली ठेवली.

"मग मुद्दाम पडून बगितलं. दोनदा." ते पडद्याकडंच बघत होते. "कवापास्नं हाय हे?"

"दहा दिस झालं."

"म्हंजी ती लांडगी..."

"व्हय, आण्णा."

ते उठले आणि आईला म्हणाले, "जेवाय वाढ." त्यानंतर आठवडाभर त्यांनी लॅपटॉपला हात लावला नाही. माझ्याशी बोलायचे, पण गोळ्यांपुरतं.

मलाही राग आला होता. मी कुणासाठी केलं होतं ते? कारखान्यात मशीन दुरुस्तीचं काम बघणारा माझा एक सहकारी आहे, मिरजेचा. तो हाच खेळ पाच-सहा मित्रांबरोबर खेळतो. जेवणाच्या सुट्टीत मी त्याला सगळं सांगितलं. त्याचे वडील सतारी बनवायचे. त्यांची नजर कमी झाली तेव्हा ते दुकानातून गेल्यावर हा त्यांनी सतारीच्या दांडीवर बांधलेले स्वरांचे पडदे गुपचूप नीट करून ठेवायचा.

"एक दिवस अब्बांनी बोट फिरवून ओळखलं," तो म्हणाला. "महिनाभर माझ्याशी बोलले नाहीत. मग मी म्हटलं, अब्बा, मी शेजारी बसू का? तर म्हणाले, मी कधी नको म्हटलं होतं?" त्यानं डबा बंद केला. "तुझ्या वडलांना तू विचारलंच नाहीस ना."

त्या संध्याकाळी मी आण्णांसमोर बसले. "चुकलं माझं."

"मदत केलीस त्याचं मला वाईट न्हाई वाटलं," ते म्हणाले. "मी चश्मा लावतोच की. पर चश्मा माझा मी लावतो. मी झोपल्यावर कोण माझ्या डोळ्यावर चढवत न्हाई." मग म्हणाले, "मी त्या दोस्ताला लांडग्याचं सांगितलं. आता त्याला काय सांगू?"

दुसऱ्या दिवशी त्यांनी स्वतःच आटपाडीला फोन लावला आणि खरं काय ते सांगून टाकलं. पलीकडून हसल्याचा आवाज आला. आण्णाही थोडे हसले.

मग आम्ही काय हवं आणि काय नको ते बोलून ठरवलं. थंडी, भूक, कडा जसं आहे तसं राहू दे. लांडगाही येऊ दे, फक्त जरा हळू. आणि हात थरथरला तरी पडद्यावरचा नेम स्थिर राहावा. हे खेळातल्या आज्ञांनी होण्यासारखं नव्हतं. त्याला मॉड लागतात. मॉड म्हणजे बाहेरच्या कुणीतरी तयार केलेली भर. ती आपण खेळाच्या फोल्डरमध्ये टाकायची आणि खेळ बदलतो.

मी घाई केली. इंटरनेटवर खेळणाऱ्यांच्या नेहमीच्या पानावर त्यासाठी तीन वेगवेगळे मॉड होते, प्रत्येकाखाली लोकांनी अनुभव लिहिले होते. दुसऱ्या एका अनोळखी साइटवर सगळं एकाच फाइलमध्ये मिळत होतं. मी ती फाइल घेतली. सोबतच्या सूचनेत लिहिलं होतं, आधी अँटिव्हायरस बंद करा. तिथंच थांबायला हवं होतं. मी बंद केला.

खेळ उघडलाच नाही. दहा मिनिटांत माझ्या फोनवर संदेश आला की कुणीतरी अनोळखी ठिकाणाहून माझा ईमेल उघडायचा प्रयत्न करतंय. मी सहकाऱ्याला फोन केला.

"आधी वायफाय तोड," तो म्हणाला. "पासवर्ड त्या लॅपटॉपवरून बदलू नको. फोनवरून बदल. ईमेलचा आधी, मग बँकेचा."

रविवारी तो मिरजेहून आला आणि दुपारभर बसून त्यानं लॅपटॉप पूर्ण पुसून नव्यानं उभा केला. आईनं त्याला पोहे दिले. काम संपल्यावर त्यानं विचारलं, "आता तळाची प्रत दे, परत टाकतो. कुठं ठेवलीस?"

प्रत नव्हती. तो माझ्याकडं बघत राहिला. कारखान्यात प्रोग्रामची एक ओळ बदलायची तरी मी जुन्याची प्रत काढून ठेवते. नवा प्रोग्राम आधी मशीनवर लोखंड न लावता चालवते, कापायचं हत्यार नुसतं हवेत फिरू देते, आणि मगच लोखंड लावते. नऊ वर्षं हे करते आहे. घरी मात्र हा खेळ तर आहे, म्हणून काहीच केलं नव्हतं.

या वेळी मी लगेच सांगितलं. "आण्णा, तळ गेला. माझ्या घाईनं गेला."

"पार सगळा?"

"व्हय."

"मासं लय वाळवलं हुतं," ते म्हणाले. मग म्हणाले, "तशी जागा चुकलीच हुती म्हणा. वारा सरळ दारात यायचा. आता नीट बगून बांदू."

यानंतर कारभार आण्णांनी हातात घेतला. शस्त्रं तपासावीत तसे ते मॉड तपासायचे. नेहमीच्या पानाशिवाय कुठूनही काही आणायचं नाही. खाली लोकांनी काय लिहिलंय ते सगळं वाचायचं, तक्रारी आधी. आपल्या खेळाच्या आवृत्तीला ते चालतं का ते बघायचं. काही घेताना संरक्षण बंद करायला सांगितलं तर तिथूनच परत फिरायचं. काहीही बदलण्याआधी खेळातल्या सगळ्या जगाची प्रत पेनड्राइव्हवर. आणि एका वेळी एकच मॉड, म्हणजे बिघडलं तर कशानं बिघडलं ते कळेल. कापऱ्या हातानं त्यांना लिहिता येत नव्हतं, म्हणून नोंदींची वही आईकडं गेली. ती तारीख, मॉडचं काम आणि "चाललं" किंवा "काडलं" असं तिच्या ठसठशीत अक्षरात लिहायची.

मॉड तपासायला आम्ही एक वेगळं रिकामं जग केलं. आण्णा त्याला कवायतीचं मैदान म्हणायचे. पहिल्या दिवशी लांडगा खरंच हळू आला. आण्णांनी दम धरला, नेम धरला आणि बाण मारला. लागला. उजवा हात मांडीवर गेला नाही. नेमाचा मॉड टाकला तेव्हा मात्र दोन्ही एकमेकांत अडकले आणि लांडगा समोर येऊन नुसता उभाच राहिला.

"भुकेला दिसतोय," आई म्हणाली. "त्याला बी मासा घाला एक."

आम्ही शेवटचा मॉड काढला, त्याच कामाचा दुसरा घेतला आणि आईनं वहीत दोन्ही नोंदी केल्या.

पुढं सहकाऱ्यानं आण्णांना त्याच्या मित्रांच्या सामाईक जगात बोलावलं. मी म्हटलं, तिथं आपले मॉड न सांगता वापरले तर बाकीच्यांवर अन्याय होतो, बाहेरही काढतात. आण्णा म्हणाले, "न सांगता कशापायी?" रविवारी दुपारी त्यांनी हेडफोन लावला, घसा साफ केला आणि पाच अनोळखी लोकांना सांगितलं, "नमस्कार. माझा उजवा हात कापतो. घरी मी लांडगा हळू करून खेळतो. तुमच्यात चालंल का?"

त्यांच्यातली एक कॉलेजातली मुलगी म्हणाली, "काका, इथं तसं केलं तर सगळ्यांचाच लांडगा हळू होईल. मग आम्हाला मजा नाही येणार."

"बराबर हाय," आण्णा म्हणाले.

"पण लांडगे आम्ही बघतो. तुम्ही तळ कुठं टाकायचा ते सांगा. आमचा दर वेळी गारठतो."

आण्णांनी त्यांना चढावर नेलं, वाऱ्याकडं पाठ करून. त्या जगात त्यांनी एकही बाण मारला नाही. दर रविवारी ते इस्त्रीचा सदरा घालून बसायचे.

गोळ्यांनी कंप कमी झाला, गेला नाही. सुगीच्या आधी दोघं वडूजकडं परत गेली, माझा जुना लॅपटॉप घेऊन. मध्यंतरी खेळाची नवी आवृत्ती आली आणि मॉड चालेनात. मी फोनवर म्हटलं, बनवणारे दुरुस्त करेपर्यंत थांबा, दुसरीकडून काही घेऊ नका. आण्णा पंधरा दिवस मॉडशिवाय खेळले. "आज चारदा मेलो," असं सांगायचे, पाऊस किती झाला ते सांगावं तसं.

गेल्या महिन्यात मी घरी गेले तर लॅपटॉपसमोर आई होती. तिनं स्वतःचं वेगळं जग उघडून घेतलं होतं. त्यात होत्या तेवढ्या सगळ्या चीट चालू होत्या. थंडी नाही, भूक नाही, लांडगे नाहीत, कड्यावरून पडलं तरी काही होत नाही.

"ह्यात काय खेळ हाय?" आण्णा बाहेरच्या सोप्यातून म्हणाले.

"मला खेळायचंच न्हाई," आई म्हणाली. "मला नुसतं फिराय पायजे. कुणाचं काय करायचं नसताना." आणि तिनं तिच्या माणसाला गोठलेल्या तळ्याच्या मधोमध नेऊन उभं केलं. आण्णा उठून आले, तिच्या मागं उभे राहिले आणि म्हणाले, "आदी प्रत काडून ठेव त्याची."

"काडलीया," आई म्हणाली.