‘थोडं’ सांभाळणारी बाई

दातांच्या दवाखान्यात ती चौदा वर्षं मदतनीस होती. डॉक्टर तिला हाक मारत ती एकच: “सिस्टर, कापूस.” घरी कुणाची आई, कुणाची वहिनी, आणि नवऱ्यासाठी “अगं”. तिचं म्हणावं असं जगात एकच होतं, ते म्हणजे ‘थोडं’ हा शब्द.

दर मंगळवारी दुपारी तीन वाजता, दवाखाना बंद असताना, ती शिवणयंत्र दुरुस्तीच्या दुकानामागच्या खोलीत जाई. तिथे शब्दार्थ रक्षक मंडळाची सभा भरे. मंडळ अतिशय गुप्त होतं. इतकं, की त्याची कुणाला गरज आहे का, हे विचारायलाही कुणी आलं नव्हतं. अध्यक्ष म्हणजे दुकानाचे मालक, यंत्रवाले. प्रत्येक सभासदाने डब्यातून चिठ्ठी उचलायची आणि निघालेला शब्द जन्मभर सांभाळायचा. आपल्यासमोर तो कुणी खोटा वापरला, तर एक तर मागे घ्यायला लावायचा, नाही तर खरा करून दाखवायचा. का, ते सांगायचं नाही. लिफ्ट मेकॅनिकच्या वाट्याला ‘लगेच’ आला आणि त्यापायी बिचाऱ्याच्या दोन नोकऱ्या गेल्या. निवृत्त मुख्याध्यापिकाबाईंकडे ‘सगळे’ होता. “सगळे असंच म्हणतात” असं कुणी म्हटलं, की बाई वही उघडून नावं विचारत. लोक रस्ता बदलायचे.

हिचं त्या मानाने बरं चाललं होतं. डॉक्टर “थोडं दुखेल” म्हणाले, की ही पेशंटच्या खांद्यावर हात ठेवून सांगे, “बरंच दुखेल. पण दहाच मिनिटं.” डॉक्टर आधी चिडले. मग त्यांच्या लक्षात आलं, की खुर्चीतून उठून पळणारे कमी झालेत. घरी नवरा “थोडी भाजी वाढ” म्हणाला, की ताटात दोन फोडी पडत. वर्षभरात तो नुसतं “भाजी वाढ” म्हणायला शिकला.

घोटाळा झाला तो त्याच नवऱ्यामुळे. शिवणयंत्राचा पट्टा बदलायला तो दुकानात गेला आणि गप्पांच्या ओघात यंत्रवाल्यांना म्हणाला, “एक धाकटा भाऊ आहे. थोडे दिवस बोलणं बंद आहे आमचं.”

“किती दिवस?”

“अकरा वर्षं झाली.”

पुढच्या मंगळवारी यंत्रवाल्यांनी हातातला पेचकस टेबलावर ठेवला. “सिस्टर, तुमच्याच घरात? आणि अकरा वर्षं?”

“माझ्या कधी डोक्यातच आलं नाही,” ती म्हणाली. खरंच आलं नव्हतं. पेशंटच्या तोंडातली बारीकशी कीड तिला दारातून दिसे, पण नवऱ्याचं म्हणणं कानाला इतकं सवयीचं झालं होतं, की ते घड्याळाच्या टिकटिकीत जमा होतं.

“महिन्याची मुदत,” यंत्रवाले म्हणाले. “नाही तर शब्द परत.”

“मला दोन शब्द झेपतील,” मुख्याध्यापिकाबाई म्हणाल्या.

त्या रात्री जेवताना तिने विषय काढला. “अहो, भाऊजींशी थोडे दिवस बोलणार नाही म्हणाला होतात.”

“मग? अजून झाले नाहीत.”

“थोडे म्हणजे किती?”

“मला भाषा शिकवू नकोस. तो माझ्या कपाटाला खोकं म्हणाला. मी माझ्या हातांनी बनवलेलं कपाट.”

तीन आठवडे ती नाना तऱ्हेने विचारत राहिली आणि तो नाना तऱ्हेने चष्मा शोधत राहिला. मुदतीला सहा दिवस उरले असताना त्याची दाढ सुजली. या घराण्याच्या दाढाच तशा. दिराची तर आठवडाभर आधीपासून ठणकत होती आणि त्यानेही याच दवाखान्यात वेळ मागितली होती. वेळा लिहायची वही हिच्याच ताब्यात. तिने शुक्रवारच्या साडेचार वाजताच्या रकान्यात दोन नावं लिहिली आणि तिघांच्या बाकावर तिसऱ्या जागी झाडाची कुंडी ठेवली.

डॉक्टरांनी दोघांनाही सुई दिली. “थोडं बसा बाहेर. बधिर होऊ दे.”

दहा मिनिटांनी डॉक्टर म्हणाले, “बोलवा एकाला.”

“आधी त्या आजींची कवळी बसवून घ्या ना,” ती म्हणाली. मग आजोबांचा दात. मग उगीचच अवजारं पुन्हा उकळायला ठेवली. चाळीस मिनिटं झाली. आपलाच शब्द आपण पायदळी तुडवतोय, हे तिला ढळढळीत दिसत होतं. दाराच्या फटीला लावलेला कान मात्र हलत नव्हता.

बाहेर नवरा पाणी प्यायला गेला आणि सगळं पाणी बधिर ओठातून सदऱ्यावर सांडलं. दिराने रुमाल पुढे केला. त्याची स्वतःची लाळ हनुवटीवर आली होती.

“आधी तुझं तोंड पूस,” नवरा जड जिभेने म्हणाला.

“दादा, ते कपाट आहे अजून?”

“आहे. दार लागत नाही.”

“तेच तर मी तेव्हा...”

नवऱ्याने तोंड कुंडीकडे वळवलं. तिच्या हातातला चिमटा तसाच राहिला. मेलं सगळं, तिला वाटलं.

“खोकंच आहे ते,” नवरा म्हणाला.

ती दार उघडून बाहेर आली. “अहो, थोडे दिवस बोलणार नव्हता ना?”

“थोडे कसले,” तो ओल्या सदऱ्याकडे बघत म्हणाला. “चुकीचं बोललो मी. फार झाले.”

मंगळवारी तिने सभेत सगळं सांगितलं. शब्द मागे घेतला गेला, हे सांगितलं आणि चाळीस मिनिटंही सांगितली. ती लपवता आली असती. यंत्रवाल्यांनी बराच वेळ नियमांची वही चाळली. असा गुन्हा याआधी कुणी केलाच नव्हता. शेवटी ते म्हणाले, “शब्द तुमचाच. पण एक महिना डब्यात राहील.”

रविवारी सकाळी दीर स्क्रू आणि बिजागऱ्या घेऊन हजर. “वहिनी, थोडाच वेळ थांबतो,” म्हणाला.

दुपारचे दोन वाजले तरी दोघं भाऊ कपाटासमोर फतकल मारून, बिजागरी आतून की बाहेरून यावर तावातावाने भांडत होते. तिचे ओठ शिवशिवले. पण महिना संपायला अजून पंचवीस दिवस होते. तिने दोघांची ताटं वाढली आणि काही न बोलता तिथेच जमिनीवर नेऊन ठेवली.