तोलोबायने दोरा कापला

शिकार सोडून तोलोबाय लांडग्याला आज चाळीस दिवस झाले होते. सोडली म्हणजे काय, सोडत होता. ससा समोरून गेला की अजूनही त्याचे पाय चाकासारखे गरगरायचे. मग तो स्वतःची शेपटी खडकाला बांधून ठेवायचा. एकदा तर खडकासकट कड्यावरून गेला, खाली भाकरीसारखा चपटा झाला, उठला, अंग झटकलं आणि पुन्हा सलगम उकडायला बसला. कार्टूनमधल्या जनावरांना पडण्याचं काही वाटत नाही. भूक मात्र खरी असते.

कुरणावरची मेंढरं त्याच्याशी लांबूनच बोलत. जवळ यायची ती एकटी बुरमाकान आपा. म्हातारी मेंढी, जिभेची तिखट. त्या सकाळी ती थेट त्याच्या तंबूत शिरली.

"नातू पावलं टाकायला लागलाय. आज त्याच्या पायातला दोरा कापायचाय. शर्यतीत तूही पळायचंस."

तोलोबायच्या हातून सलगम पडलं. पोराच्या पायांत काळा-पांढरा दोरा बांधायचा, सगळ्यांनी त्याच्याकडे धावत सुटायचं, पहिला पोचेल त्याने दोरा कापायचा, आणि त्याचे गुण पोरात उतरतात. रीत त्याला ठाऊक होती. पण कोकराच्या दिशेने पळायचं?

"आपा, मी लांडगा आहे गं. पळताना मला भलतंच आठवतं."

"मग आठवू नकोस. त्या लठ्ठ बोकडाने दोरा कापला तर पोरगं जन्मभर बसून खाईल."

"आणि मी कापला तर तुम्हालाच खाईल!"

"बघू की. इतके दिवस सलगम खातोयस ते कुणाला दाखवायला?"

कुरणावर कोकराच्या पायांत दोरा बांधून झाला, तशी आपाने सुरी त्याच्याजवळच्या दगडावर ठेवली. लांब पळायच्या रांगेत शेजारचा बोकड तोलोबायला कुजबुजला, "तोंड तरी बांध रे बाबा."

इशारा झाला आणि तोलोबाय सुटला. मागे नुसती धूळ. कोकरू मोठं मोठं होत समोर आलं, लोकरीचा वास आला, जीभ लोंबली, जबडा आपोआप उघडला. कोकराची आई किंचाळली. त्याने चारही पाय रोवले. जमिनीत चार चर पडले, त्यांतून धूर निघाला, आणि कोकराच्या नाकापासून बोटभर अंतरावर तो थांबला. तोंड मात्र मिटेना.

कोकराने मान तिरकी करून आत डोकावून पाहिलं.

तोलोबायने एका हाताने जबडा घट्ट दाबून धरला, दुसऱ्या हाताने सुरी घेतली आणि दोरा कापला. मोकळं झालेलं कोकरू दोन पावलं टाकून त्याच्याच छातीवर आपटलं. तो हललासुद्धा नाही.

आपा धापा टाकत आली. तिने तळलेल्या पिठाचे तीन गरम गोळे त्याच्या तोंडात कोंबले.

"चाव आता."

इतकं हळू त्याने आयुष्यात काही चावलं नव्हतं.