मांडवातला हप्ता

"मॅडम, कोर्टाचा बेलिफ आला! जनरेटर उचलतो म्हणून राह्यला!"

अल्लीपूरहून सुधाकरचा फोन. त्याचं बिछायत केंद्र, म्हणजे मांडव, खुर्च्या, लायटिंग भाड्यानं देण्याचा धंदा. हिंगणघाटच्या एका कापडवाल्या काकाजींची उधारी थकली, दावा झाला, आणि कोर्टानं हप्ते पाडून दिले. मी सुधाकरची वकील. अट एकच होती. एक हप्ता चुकला की सगळी रक्कम एकदम, नाहीतर जप्ती.

"हप्ता चुकवला काऊन?"

"चुकवला नाई जी! काकाजीच्या नातीच्या लग्नाचा मांडव म्याच टाकला. तेच म्हणाले, 'या महिन्याचा हप्ता यातच वळता कर.' मंग केला."

"लिहून घेतलं?"

"लग्नघरी कागद कसा मागू? बरं दिसते का?"

मी कपाळावर हात मारला. आता कोणावर चिडू?

असा बाहेरच्या बाहेर वळता केलेला हप्ता महिन्याभरात कोर्टात नोंदवावा लागतो. तेवढी मुदत नशिबानं शिल्लक होती. पण कोर्ट मानणार कधी? लेखी पुरावा असेल तर, नाहीतर घेणेकऱ्यानं स्वतः कबूल केलं तर. लेखी काही नव्हतं. वसुलीचा अर्ज काकाजींच्या मुलानं टाकला होता, बापाची सही घेऊन. मी त्याच दिवशी हप्ता नोंदवून घ्यायचा अर्ज दिला. पुढच्या तारखेपर्यंत जप्ती थांबली.

"काकाजी नाई म्हणाले तर?" सुधाकर रोज विचारायचा. "आंजी गावच्या एका लग्नाचा ॲडव्हान्स खाऊन बसलो मॅडम. सामान गेलं तर तिथं काय टाकू, माह्या घराचं छप्पर?"

"होईल नीट," मी म्हणायचे. खरं सांगते, मला झोप नव्हती. वीस माणसांचं पोट त्या सामानावर, आणि सगळं एका म्हाताऱ्याच्या जिभेवर.

तारखेला काकाजी मुलाचा हात धरून आले. आमच्याकडे पाहिलंसुद्धा नाही.

जजसाहेबांनी काकाजींना विचारलं, "मांडवाचे पैसे हप्त्यात वळते करायला तुम्ही सांगितलं होतं का?"

काकाजींनी मुलाकडे पाहिलं. मुलगा कानाशी लागला. साहेब कडाडले, "त्यांना बोलू द्या!"

सुधाकरनं माझ्या कोटाची बाही घट्ट धरली होती.

"साहेब," काकाजी हळूच म्हणाले, "त्या मांडवात माह्या नातीचं लग्न लागलं. त्याचे पैसे म्या याले देल्ले नाई. मंग नाई कसं म्हणू?"

हप्ता नोंदला गेला, जप्ती रद्द झाली. बाहेर येताच सुधाकर पायरीवर मटकन बसला आणि ढसाढसा रडला.

मागून काकाजी आले. "उठ बे. दिवाळीनंतर नातवाचं लग्न आहे. मांडव तुयाच. हप्ता यातच वळता करजो."

सुधाकरनं डोळे पुसले, माझ्याकडे पाहिलं.

"टाकतो काकाजी. पण पयले मॅडमसमोर लिहून द्या."

काकाजींचा चेहरा पडला. लग्नघरी असा कागद मागणं बरं दिसत नाही, हे खरंच. दारात बेलिफ त्याहून वाईट दिसतो.