अव्वाच्या मुठीतली वाळू

मी शाळेत भूगोल शिकवते. भूतबाधा, अंगात येणं, भानामती... असल्या गोष्टींवर माझा काडीचा विश्वास नव्हता. स्टाफरूममध्ये कुणी भुताचा विषय काढला की "अक्षांश-रेखांश सांगा, जाऊन बघू" म्हणणारी मी. त्यामुळे हे लिहिताना माझी मलाच लाज वाटतेय. तरी लिहिते.

आम्ही सोलापूरला शुक्रवार पेठेत राहतो — मी आणि माझी आई, अव्वा. धाकटा भाऊ मल्लू उत्तर जर्मनीत नोकरीला होता. त्याच्या घरामागे टेकड्यांची एक रांग आहे. रांग म्हणायची इतकंच, आपल्याकडचा एखादा माळ तिच्याहून उंच वाटावा! पण वर गर्द जंगल. हजारो वर्षांपूर्वी हिमनद्यांनी उत्तरेकडून दगड, वाळू, माती ढकलत आणली आणि बर्फ वितळल्यावर ते ढिगारे तिथंच राहिले, त्याच या टेकड्या. हिमोढ. मी पोरांना फळ्यावर काढून दाखवते, आणि हा दर रविवारी त्यांच्यावर फिरायचा! वर फोन करून मला चिडवायचा, "अक्का, तुझा धडा तुडवून आलो बघ."

गेल्या हिवाळ्यात तिथंच चालताना त्याच्या छातीत कळ आली आणि मल्लू गेला. चाळिशीही गाठली नव्हती हो त्यानं.

बायको-मुली तिकडंच, म्हणून त्याला टेकडीच्या उतारावरच्या दफनभूमीतच ठेवलं. आमच्या लिंगायतांत माणसाला मातीत बसवतात, मांडी घालून, कपाळाला विभूती लावून. अव्वाचा जीव त्यातच अडकला. फोनवर तिचं एकच, "बसवलं न्हवं माझ्या लेकराला?" भावजय रडत म्हणाली, "व्हय अव्वा, बसवलं." खरं तर तिथल्या रीतीनं त्याला पेटीत आडवं ठेवलं होतं. मी व्हिडिओवर पाहिलं होतं. मोतीबिंदूमुळे अव्वाला मोबाइलवरचं काही दिसत नाही, आणि मला सांगवलं नाही.

पण तिचं समाधान झालं नाही ते नाहीच. "माज्या हातची मूठभर माती तरी पडाय पायजे हुती की गं," म्हणून रोज रडायची. जेवण सुटलं. अशीच राहिली तर हातची जाईल, असं डॉक्टर म्हणाले.

मग ती उन्हाळ्यातली दुपार. पंखा नुसती गरम हवा फेकत होता, खिडक्या बंद. अव्वा मधल्या खोलीत चटईवर झोपलेली. गुडघ्यांमुळे ती जिनाच उतरत नाही. मी शेजारी पेपर तपासत बसले होते, एकदाही उठले नाही. ती जागी झाली तेव्हा उजवी मूठ घट्ट आवळलेली. मी हळूच उघडली... आत ओली, पिवळसर वाळू. आणि एक छोटासा गुलाबी गोटा. ग्रॅनाइट! आमच्याकडं कुठंही खणा, काळा कातळ नाहीतर मुरूम लागतो.

"अव्वा, हे कुठलं गं?"

"टेकडी लई बुटकी हाय," ती म्हणाली. "झाडीनं अंधारलंय नुसतं. खाली तळं हाय, पर त्येला ना वढा येतोय, ना जातोय. आन दगडं... एकासारका दुसरा न्हाय. कुटनं कुटनं आल्यात बघ."

मागे राहिलेला बर्फ जागच्या जागी वितळून अशी तळी होतात, हिमनदीच्या मुलखात. हे तिला कोण सांगणार? मल्लू टेकड्यांचं बोलायचा ते फक्त माझ्याशी.

मग ती अगदी शांतपणे म्हणाली, "आडवं ठिवलंय त्येला. मी बसवाय गेले... पर लई दमला हुता गं. म्हनलं, निजू दे. माती दिली आन आले."

मी तिच्या मांडीवर डोकं ठेवून ढसाढसा रडले. ती रडली नाही. संध्याकाळी तिनं आपणहून भाकरी मागितली.

आमच्या शाळेतले सायन्सचे सर म्हणतात, गोटा कुणाच्या तरी बांधकामावरून आला असेल. असेलही. पण ओल्या वाळूचं काय? त्या तळ्याचं काय?

अव्वा आता बरी आहे. मी नाही. मल्लूवर माझ्या हातची माती कुठं पडलीये? हल्ली सुट्टीच्या दुपारी मी अव्वाशेजारी त्याच चटईवर आडवी होते. जाग आली की आधी तळहात बघते.

कोरडे असतात.