हात वर करेपर्यंत

टीव्हीवर कुणी आपटलं की आमच्या घरात कुणी जागचं उठायचं नाही.

पडलेला माणूस हात वर करून दाखवेपर्यंत नाही. अण्णांचा हुकूम होता तसा.

आज अण्णांना जाऊन वर्ष झालं. हे लिहायला वर्ष लागलं.

माझे वडील पाण्याच्या टँकरवर ड्रायव्हर. आणि त्यांना बघायला काय लागायचं, तर मोटरसायकलवरून हवेत कोलांट्या मारणारी फॉरेनची पोरं! केबल घरात आली आणि हे वेडही आलं.

आवडायचं म्हणणं चूकच आहे. ते घाबरायचे.

बाइक रॅम्पवर चढली की अण्णांचा उजवा पाय फरशीवर ब्रेक दाबायचा. बाइक उलटी, चाकं वर, आणि आमचे अण्णा खुर्चीचे हात धरून, "उतर बाबा, उतर नीट."

"एवढी भीती वाटते तर बघता कशाला?" मी विचारायचे.

"तू गप बस, माय."

कुणी पडलं की डॉक्टर धावायचे, कॉमेंट्री बंद व्हायची. आणि नेमकी तेव्हाच जाहिरात!

साबण. बिस्किट. पुन्हा साबण.

आम्ही श्वास रोखून बसलेलो. अण्णांचं कपाळ घामानं ओलं. मग कधीतरी स्ट्रेचरवरून एक हात वर यायचा, तिकडचे लोक टाळ्या वाजवायचे, आणि अण्णा म्हणायचे, "केला हात वर. उठा आता."

एक दुपार मी विसरूच शकत नाही. दुष्काळ होता. नळाला आठवड्यातून एकदा पाणी, तेही तासभर. टीव्हीवर एक जण पडलेला, आणि बाहेरून आईची हाक.

"अहो, नळ आला! पोरीला पाठवा हंडे घेऊन!"

"येऊ दे. ते पोरगं उठलं नाय अजून."

"ते येणार हाय का आठ दिवस पाणी भरायला?"

मी अर्धवट उठले. अण्णांनी माझं मनगट धरलं. एवढं घट्ट की दुखलं.

त्या दिवशी दोनच हंडे भरले. आई चार दिवस त्यांच्याशी बोलली नाही. स्वतः टँकर चालवणाऱ्याच्या घरात पाणी नाही, यावरून गल्लीत जी चेष्टा झाली ती वेगळीच.

पुढे मोबाइल आला, स्ट्रीमिंग आलं. रिटायर झालेले अण्णा आणि मी एकाच फोनवर रेस बघायचो. एकदा एक जण पडला आणि मी सवयीनं बोटानं व्हिडिओ पुढे ढकलला.

"मागं घे. तो पडलाय."

मी वैतागले. "अण्णा, तो कुठला कोण! आपला काय लागतो?"

अण्णांनी बोटानं व्हिडिओ थांबवला. मग बोलले.

त्याच दुष्काळातली, घरात केबल यायच्या आधीची गोष्ट. गारखेड्याच्या पुढे नवनव्या कॉलन्या उभ्या राहत होत्या. फ्लॅट तयार, नळाचा पत्ता नाही. अण्णांच्या खेपांवर खेपा चाललेल्या. टँकरचा व्हॉल्व्ह गळायचा, त्यामुळे मागचा सगळा धुळीचा रस्ता ओला व्हायचा. त्या ओलीवर मागून येणारा एक बाइकवाला घसरला.

"आरशात दिसला," अण्णा म्हणाले. "पडलेला दिसला. उठलेला नाय दिसला. पुढं वळण होतं."

"थांबला नाहीत?"

"भ्यालो, माय. लोकं मारतील म्हणून लई भ्यालो. बाया हंडे घेऊन उभ्या होत्या. म्हणलं, टँकर रिकामा करतो अन् येतो."

परत आले तेव्हा तिथे कुणीच नव्हतं. एक चप्पल पडली होती. रस्ता वाळून गेला होता.

"कुणाला विचारलं नाहीत?"

"विचारलं असतं, अन् कुणी सांगितलं असतं तर?"

मी व्हिडिओ मागे घेतला. दोघांनी हात वर येईपर्यंत बघितला.

मागच्या वर्षी अण्णांच्या हार्टनं दगा दिला. आयसीयू. तोंडावर मास्क. भेटायची वेळ चार ते पाच, एकट्यानंच जायचं.

शेवटच्या दिवशी ते डोळेच उघडेनात. मी स्टुलावर बसले होते. आयुष्यात इतकी कधी घाबरले नव्हते. मॉनिटरवरची रेघ बघवत नव्हती आणि नजरही हटत नव्हती.

"मॅडम, टाइम झाला," सिस्टर म्हणाल्या.

"पाच मिनिटं."

"मॅडम, प्लीज उठा."

मी उठले नाही. उठायचं नसतं ना.

मग अण्णांनी डोळे उघडले. माझ्याकडे बघितलं. आणि सलाइन लावलेला उजवा हात गादीवरून वर केला. वीतभर. स्ट्रेचरवरची ती पोरं करतात, अगदी तसा.

मला रडता रडता हसू आलं. "केला हात वर! मग उठते हं, अण्णा."

पर्स उचलली आणि निघाले. किती हलकं वाटत होतं!

रिक्षा गारखेड्याला पोचायच्या आत हॉस्पिटलचा फोन आला.

अण्णा, तुम्ही मला फसवलंत. तुम्हाला माहीत होतं, त्याशिवाय ही पोरगी उठायची नाही. मला सोडवलंत, आणि स्वतः मात्र त्या आरशासमोर जन्मभर बसून राहिलात.

आज दुपारी तुमच्या खुर्चीशेजारी बसून एक रेस लावली. एक जण पडला. जाहिरात आली. माझा पाय फरशीवर दाबला गेला, तुमच्यासारखाच.

त्यानं हात वर केला. मी तशीच बसून राहिले.

तो बाइकवालाही उठला असेल, अण्णा. नक्की उठला असेल.

सावकाश जा. रस्ता कोरडा आहे.